रिकाम्या खुर्चीला हो म्हणणारा माणूस

मंगळवार, १८ फेब्रुवारी १९९२ रोजी सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी शिंदखेड्याहून धुळ्याला जाणारी एसटी बोरदरे फाट्यावर थांबली. दार उघडलं, एक प्रवासी चढला, कंडक्टरने दोनदा घंटी मारली आणि गाडी निघून गेली.

असं काही झालेलं नाही. ड्रायव्हरने तसं लिहून दिलेलं आहे, कंडक्टरने त्याखाली सही केलेली आहे, आणि बोरदरे फाट्याला थांबाच नसल्यामुळे तिथे गाडी थांबणं मुळात शक्यच नाही. तेव्हा गाडी थांबली नाही असं धरूनच पुढे जाऊ. तोताराम नानांनीही तसं धरायचा पुष्कळ प्रयत्न केला. पण त्यांची एक अडचण होती, आणि ती अडचण समोरच्या खुर्चीत बसलेली होती.

तोताराम ढाके हे जळगावजवळच्या असोद्याचे. घरी केळीचा बाग, बोलणं गोड, आवाज असा की माईक बंद पडला तरी सभेला कळायचं नाही. राज्याच्या मंत्रिमंडळात ते चौदा महिने मत्स्यव्यवसाय खात्याचे उपमंत्री होते. खानदेशातल्या बऱ्याच नद्यांना पाणी येतं ते पाहुण्यासारखं, चार दिवस राहतं आणि चहा घेऊन जातं. त्यामुळे मत्स्यव्यवसायाबद्दल नानांना कोणी काही विचारत नसे. लोक विचारत ते रस्त्याचं, विजेचं, शाळेच्या मास्तरचं. यांतलं काहीच नानांच्या खात्यात नव्हतं. म्हणून त्यांनी ऐकून घेण्याची स्वतःची एक पद्धत बसवली होती. समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं, ओठ जरा मिटायचे, आणि मान सावकाश खाली नेऊन वर आणायची. बस. माणूस हात जोडून घरी जायचा आणि आठ दिवस तरी आनंदात राहायचा. चौदा महिन्यांत नानांनी खानदेशाला दुसरं काही दिलं असेल तर ते कागदोपत्री सापडत नाही.

मे १९८१ मध्ये नाना शिंदखेडा तालुक्यातल्या बोरदऱ्याला गेले. कार्यक्रम होता गावतळ्यात मत्स्यबीज सोडण्याचा. तळं कोरडं होतं, म्हणून नानांनी मत्स्यबीजाच्या पिशवीला हार घातला, टाळ्या झाल्या, आणि पिशवी परत जीपमध्ये ठेवली. मग जेवण. वरण-बट्टी, घोटलेली वांगी, आणि बट्टीवर तूप असं की बट्टी बुडालेली. जेवण झाल्यावर निंबाच्या झाडाखाली खुर्ची टाकून नानांना बसवलं, आणि गाव समोर बसलं.

भिकुबाई नावाची बाई उठली. पासष्टीची, विधवा, हातात कापडी पिशवी. तिचं म्हणणं साधं होतं. तिची लेक कुंदा धुळ्याला दिलेली. धुळ्याची गाडी रोज सकाळी फाट्यावरून जाते, पण थांबत नाही. गाडी धरायची तर दोन कोस चालत पुढच्या थांब्यावर जावं लागतं, आणि तिच्या गुडघ्यांनी ते काम आता बंद केलं होतं. गाडी फाट्यावर थांबली तर ती लेकीचं तोंड बघेल. एवढंच ती दहा मिनिटं सांगत होती.

नाना दुसऱ्याच वाक्याला झोपले होते. डोळे उघडे ठेवून झोपायची विद्या त्यांना विधानसभेत मिळाली होती, त्यामुळे कुणाला कळलं नाही. शेवटी भिकुबाईने विचारलं, "मंग, थांबी ना गाडी, नाना?" त्याच क्षणी नानांची हनुवटी छातीवर आपटली, त्या दणक्याने ते दचकले, आणि मान वर आली.

खाली आणि वर. एक पूर्ण मान.

दुसऱ्या एखाद्या गावात याचं काही झालं नसतं. पण बोरदऱ्यात माणसं बोलतात ती वेळ घालवायला. ठरतं ते मानेने. सोयरीक जुळवताना तिथे दोन्हीकडचे म्हातारे समोरासमोर बसतात, बाकीचे दिवसभर भांडतात, आणि संध्याकाळी दोघे म्हातारे एकेकदा मान खाली नेऊन वर आणतात. लगेच गूळ वाटतात. त्यानंतर नवरी पळाली, नवरा पळाला, तरी लग्न होतं. कोणाचं तरी होतंच. बांधाचा वाद असो, बैलाचा सौदा असो, मान हलली की कागद लागत नाही. त्या दिवशी नानांची जीप वेशीबाहेर पडायच्या आत गावात गूळ वाटून झाला होता.

आठ दिवसांत गावाने फाट्यावर निवारा बांधला. बाभळीचे चार खांब, वर कापसाच्या पऱ्हाट्यांचं छत, बसायला दगडी पाट. आणि शाळेच्या गुरुजींनी रंगवलेली पाटी : "बोरदरे फाटा. विनंती थांबा. मा. ना. तोताराम ढाके यांनी मान हलविली, दि. १२ मे १९८१."

नानांना यातलं काहीच माहीत नव्हतं. बोरदरे म्हटलं की त्यांना बट्टीवरचं तूप आठवायचं.

पंच्याऐंशीला नाना पडले. किती मतांनी पडले ते कोणी त्यांच्यासमोर काढत नसे. पडलेल्या पुढाऱ्याला घरात फार जागा लागते. कमलबाईंनी, म्हणजे त्यांच्या पत्नीने, तीन महिने सहन केलं आणि मग विचारलं, "तुम्ही सकायपासून कोनाशी बोलता? तिथं तं कोनी नाही." नाना पाहुण्यांच्या खुर्च्यांसमोर बसून भाषण करत होते.

त्याच सुमाराला मुंबई दूरदर्शनच्या एका निर्मात्याला एक कार्यक्रम काढायचा होता : 'तुमचं म्हणणं'. गावोगावच्या माणसांनी कॅमेऱ्यासमोर आपली अडचण सांगायची आणि एका वजनदार माणसाने ती ऐकायची. सोडवायची नाही, नुसती ऐकायची. सोडवणं कार्यक्रमाच्या वेळेत बसत नव्हतं. निर्मात्याने नानांना एकदा एका शिष्टमंडळाचं ऐकताना पाहिलेलं होतं. त्याने पत्र लिहिलं. अशा रीतीने नानांना आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या खऱ्या गुणावर काम मिळालं.

खानदेशातलं चित्रण अमळनेरच्या रतिलालकडे होतं. रतिलाल हा लग्नांचे फोटो काढता काढता कॅमेरामन झालेला माणूस, आणि त्याच्याकडे कॅमेरा एकच. त्यामुळे कामाची पद्धत अशी : आधी कॅमेरा अडचणवाल्याकडे. तो आपलं रडगाणं गायचा आणि बस धरून घरी जायचा. मग रतिलाल कॅमेरा उचलून नानांकडे फिरवायचा, आणि नाना समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघून मान हलवायचे. मुंबईला दोन्ही जोडलं की असं वाटायचं, नाना सगळं समोरासमोर ऐकतायत. या कामाला रतिलाल "माना घेणं" म्हणायचा.

"नाना, आज बारा माना लागतील. चार दुःखाच्या, सहा साध्या, आणि दोन शेवटाला ठेवायच्या."

"दुःखाच्या आधी घे. मग चहा झाला की दुःख होत नाही."

जून १९८६ मध्ये धुळ्याच्या सरकारी विश्रामगृहात अशाच माना घेणं चाललं होतं. भर दुपार, खिडकीत ऊन, पंखा आवाज नको म्हणून बंद. अडचण सांगणारा केव्हाच गेला होता. नानांनी रिकाम्या खुर्चीकडे बघून पहिली मान खाली नेली, वर आणली, आणि खुर्चीत एक म्हातारी बसलेली होती.

हिरवट लुगडं, मांडीवर कापडी पिशवी, आणि उजवा हात खांद्याच्या वर उचललेला, वर्गात प्रश्न विचारायला पोरं उचलतात तसा.

"थांबी ना, नाना?" ती म्हणाली.

नानांची मान थांबली. खुर्ची रिकामी झाली.

"काय झालं?" रतिलालने विचारलं. "चांगली चालली होती की मान."

"खुर्चीत कोण आहे?"

रतिलालने वळून पाहिलं. "कोणी नाही. कोणी नाही म्हणून तर माना घेतोय."

नानांनी पुन्हा मान हलवली. म्हातारी पुन्हा होती. हात तसाच वर. "थांबी ना?" चेहऱ्यावर राग नाही, तक्रार नाही; खात्री असलेलं माणूस उगाच एकदा विचारून घेतं तसं विचारणं. आणि नानांची मान चालूच होती, कारण अजून अकरा माना बाकी होत्या. म्हणजे ती विचारत होती आणि नाना तिला हो म्हणत होते. त्या दिवशी त्यांनी तिला बारा वेळा हो म्हटलं. कशाला, ते त्यांना ठाऊक नव्हतं.

मुंबईहून पंधरा दिवसांनी पत्र आलं : "आपल्या ऐकण्यात अलीकडे विलक्षण सच्चेपणा आला आहे. असेच चालू ठेवावे."

चालू ठेवलं. साडेतीन वर्षं चालू ठेवलं. जळगावला, चोपड्याला, साक्रीला, जिथे जिथे समोर रिकामी खुर्ची आणि नानांची मान, तिथे तिथे ती. मान थांबली की जायची. हलली की यायची. नानांनी डोळे मिटून मान हलवून पाहिली, तर ती आवाजाने आली. एकदा त्यांनी मान आडवी हलवली, नाही नाही अशी. रतिलाल म्हणाला, "नाना, ही कुठली मान? जोडल्यावर समोर बाई रेशन कार्ड मागणार आहे." ते चित्रण वाया गेलं. आणि आडव्या मानेला म्हातारी दिसली नाही हे खरं, पण खुर्चीवर कापडी पिशवी तेवढी राहिली होती. ते नानांना जास्त वाईट वाटलं.

घरी कमलबाईंनी सांगून पाहिलं, "जेवतानाबी मान हालवून राह्यले तुम्ही. भाजीत मीठ हाये का इचारलं तं हो. नाही का इचारलं तंबी हो."

"बाई दिसते एक," नाना म्हणाले.

"कोनची?"

"म्हातारी आहे."

"मंग बरं," कमलबाई म्हणाल्या आणि विषय संपवला.

नव्वदला दूरदर्शनने 'तुमचं म्हणणं' बंद केलं. लोकांना आता दुसऱ्यांची दुःखं कपड्यालत्त्यात, पार्श्वसंगीतासह हवी होती. नानांना खरं म्हणजे सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. पण ज्याला चौदा महिने आणि साडेचार वर्षं एकच गोष्ट येते, तो ती सोडून काय करणार? त्यांनी 'ढाके संवाद वर्ग' काढला. सोमवार ते शुक्रवार जळगावला, रविवारी धुळ्याला आग्रा रोडवर, सायकलीच्या दुकानाच्या वरच्या खोलीत. सभेत कसं उभं राहावं, माईकपासून किती लांब, हात कुठे ठेवावेत. विमा एजंट यायचे, बँकेतले लोक यायचे, मुलगी बघायला जाणारे नवरदेव यायचे. सगळ्यांत गाजला तो पाठ सहावा : ऐकणे. यात प्रत्येक विद्यार्थ्यासमोर एक रिकामी खुर्ची ठेवायची आणि विद्यार्थ्याने तिच्याकडे बघून मान हलवायची. नाना समोर उभे राहून करून दाखवायचे.

आणि करून दाखवताना त्यांना दिसायचं, की पंधरा रिकाम्या खुर्च्यांतल्या कुठल्या तरी एकीत ती बसलेली आहे. कधी विमा एजंटासमोर, कधी नवरदेवासमोर. हात वर. विमा एजंट तिला मनापासून हो हो करतोय आणि त्याला ते माहीतही नाही. नानांना त्या वेळी जे वाटायचं त्याला मत्सर म्हणावं की भीती, ते त्यांचं त्यांनाही ठरवता आलं नाही.

डिसेंबर १९९१ मध्ये धुळ्याच्या वर्गात सुंदरबाई आली. चाळिशीची बाई, ग्रामपंचायतीत राखीव जागेवर निवडून आलेली. मासिक सभेत तिने तोंड उघडलं की बाकीचे सदस्य तंबाखू मळायला लागायचे, म्हणून बोलायला शिकायचं होतं. दर रविवारी ती सकाळी दोन कोस चालून गाडी धरायची. पाच पाठ तिने असे केले की नानांनी इतरांना तिचं उदाहरण दिलं. सहाव्या पाठाला ती खुर्चीसमोर ताठ बसून राहिली.

"सुंदरबाई, मान."

"मी नही हालावस मान."

"का?"

"आमना गावमा मान हालाई का ठरनं, नाना. मंग ते करनंच पडस. अठे खुर्चीवर कोन्ही नही. कोन्ही नही त्याले काय सबद देवू?"

वर्ग हसला. नाना मात्र हसले नाहीत. त्यांची मान करून दाखवण्यात चालूच होती, आणि म्हातारी आज सुंदरबाईसमोरच्या खुर्चीत होती. तिने सुंदरबाईकडे असं पाहिलं, जसं घरच्या माणसाकडे बघतात.

"गाव कोणतं तुमचं?"

"बोरदरं. तुम्ही येयेल शेतस. आमना फाटावर तुमना नावनी पाटी शे."

मग सुंदरबाईने सगळं सांगितलं. अहिराणीत सुरू केलं, आणि मध्येच आठवून पाच पाठांत शिकलेल्या शुद्ध भाषेत, हात पोटाशी धरून, माईकपासून वीतभर अंतर सोडून. भिकुबाई तिची सासू; नणंद कुंदाशी घराचं येणंजाणं थांब्याअभावी केव्हाच तुटलेलं. पाच वर्षं रोज सकाळी पिशवी घेऊन निवाऱ्यात बसायची. दहा वीसची गाडी आली की हात वर करायची. गाडी निघून जायची. ड्रायव्हरला कोणी सांगितलेलंच नव्हतं, त्याचा काय दोष. गावातले म्हणायचे, म्हातारे, सोड आता. ती म्हणायची, "मान हालाई शे त्यासनी. कागद वाटमा व्हई."

"आणि मग?" नानांनी विचारलं. त्यांना उत्तर माहीत होतं. पुढाऱ्याला उत्तर माहीत असलं तरी विचारावं लागतं.

"शहाऐंशीच्या मे महिन्यात सासूबाई तिथेच वारल्या," सुंदरबाई म्हणाली, आणि इथे तिची शुद्ध भाषा संपली. "ऊन लागनं. मीच गयी व्हती बलावाले. हात तसाच वर व्हता, नाना. खाले कराले तीन जन लागनात."

 खाली सायकलच्या दुकानात कोणी तरी घंटी वाजवून बघत होता.

"मी काय म्हणालो होतो तिला?" नानांनी विचारलं.

"काही नही. तुम्ही नुसती मान हालाई."

नानांना तो दिवस आठवेना. त्यांनी फार जोर लावला. निंब आठवला, तूप आठवलं, पिशवीतले मासे आठवले. मग एकदम आठवलं की त्यांना झोप लागली होती, आणि जाग आली तेव्हा लोक उगाचच फार खूश दिसत होते. पाच वर्षं एक बाई उन्हात बसली, ती एका डुलकीवर. आणि त्यानंतर त्यांनी तिला साडेतीन वर्षांत हजारभर वेळा पुन्हा हो म्हटलं होतं, चार दुःखाच्या, सहा साध्या.

दुसऱ्या दिवशी जळगावचा वर्ग बुडवून नाना थांब्यासाठी धुळ्याला एसटीच्या वाहतूक कचेरीत गेले. उपमंत्री असते तर एका चिठ्ठीचं काम होतं. पण उपमंत्री असताना ते झोपले होते. तिथले साहेब अभिमन नावाचे, पस्तिशीचे, उठून उभे राहिले, चहा सांगितला. नाना बोलू लागले. साहेबांनी त्यांच्या डोळ्यांत पाहिलं, ओठ जरा मिटले, आणि मान सावकाश खाली नेऊन वर आणली. नानांना भरून आलं. ते आणखी बोलले. साहेबांनी आणखी ऐकलं. शेवटची मान तर अशी होती, की नानांनी उठून हात जोडले.

जिना उतरताना त्यांना फार समाधान वाटत होतं. शेवटच्या पायरीवर लक्षात आलं, की काहीच झालेलं नाही.

ते परत वर गेले. "साहेब, ही मान कुठं शिकलात?"

अभिमन साहेब लाजले. "तुमच्याच वर्गात, नाना. चौथी तुकडी. पाठ सहावा. त्यानंतर माझ्याविरुद्ध एकही तक्रार नाही."

नाना पुन्हा जिना उतरले. आपल्याच हाताची चव असलेली भाजी माणूस परत कशी पाठवणार?

मग त्यांनी खुर्चीतल्या म्हातारीचं सुंदरबाईला सांगितलं आणि रतिलालला अमळनेरहून बोलावून घेतलं. रतिलाल आता पुन्हा लग्नं करत होता, म्हणजे लोकांची. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि फक्त एक विचारलं, "कॅमेरा पाहिजे का?" नाना म्हणाले, "पाहिजे. ड्रायव्हर मला नाही ओळखणार, कॅमेऱ्याला ओळखेल."

१८ फेब्रुवारीला सकाळी दहा वाजता बोरदरे फाट्यावर ते तिघं होते : नाना, रतिलाल, सुंदरबाई. छताच्या पऱ्हाट्या निम्म्या उडून गेल्या होत्या. पाटीवरचं नानांचं नाव उन्हाने पुसट झालं होतं. "मान हलविली" एवढं ठळक उरलं होतं. दगडी पाटावर कोणी नव्हतं. नाना पाटासमोर उभे राहिले आणि त्यांनी मान हलवली. ती होती. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा ती खुर्चीत नव्हती, आपल्या जागेवर होती, आणि म्हणून अगदी साधी दिसत होती. गाडीची वाट बघणारी बाई.

शिंदखेड्याकडून गाडी दिसली. तिने हात वर केला. नानांनीही केला.

ड्रायव्हरला लांबून तिपाईवरचा कॅमेरा दिसला. मग टीव्हीवरचे नाना दिसले. त्याने एका हाताने केस सारखे केले आणि ब्रेक दाबला.

गाडी थांबली. (थांबली नाही.) धुरळा पुढे गेला आणि खाली बसला. दार उघडलं. नाना मान हलवत होते, कारण मान थांबली तर ती दिसणार नव्हती, आणि ती नीट चढली का ते त्यांना बघायचं होतं. गुडघ्यांमुळे तिला वेळ लागला. एक पायरी. दांडा धरला. दुसरी पायरी. कंडक्टर तिकिटांच्या पेटीत बघत होता. "कुठं, आक्का?" त्याने विचारलं, थोडं थांबला, "धुळे एक" म्हणाला, तिकीट पंच केलं आणि हात पुढे केला. हात रिकामा परत आला. मग त्याने वर पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग त्याने न सांगता दोनदा घंटी मारली, आणि गाडी अशी सुटली की दार वाटेत लावावं लागलं.

सुंदरबाई पदर तोंडाला लावून उभी होती. "बसनी?" तिने विचारलं.

"बसली," नाना म्हणाले. मानेने नाही, तोंडाने.

चौकशी झाली. थांबा नसताना गाडी थांबवणं हा गुन्हा, म्हणून ड्रायव्हर-कंडक्टरने नाही लिहून दिलं, आणि कंडक्टरने तर फार आनंदाने लिहून दिलं. राहता राहिली टेप. ती नानांनी स्वतः बघितली. सात मिनिटं. त्या सात मिनिटांत रतिलालने सवयीप्रमाणे फक्त नानांच्या माना घेतल्या होत्या.

"गाडी कुठाय रे?"

"गाडीकडे कॅमेरा कसा फिरवणार, नाना? तुमची मान चालू होती. एवढी चांगली मान मी आजवर घेतली नव्हती."

तेव्हा गाडी थांबली नाही हे आता सर्व बाजूंनी पक्कं आहे.

पाच दिवस नाना चांगले झोपले, आणि ठरवून, अंथरुणावर, डोळे मिटून. कमलबाईंनी भाजीत मीठ आहे का विचारलं, तर ते म्हणाले, कमी आहे. कमलबाईंनी त्यांच्या कपाळाला हात लावून पाहिला, ताप तर नाही ना म्हणून. रविवारी, २३ तारखेला, धुळ्याच्या वर्गात पुन्हा पाठ सहावा होता. नाना हलक्या मनाने उभे राहिले. "बघा, अशी," ते म्हणाले आणि मान हलवली.

ती पहिल्याच खुर्चीत होती. मांडीवर पिशवी. हात मात्र खाली होता. एवढं काम झालं होतं.

"मनी पोर कुंदी, तिना घरले कुलूप शे, नाना," ती म्हणाली. "शेजारीन सांगे, त्या बठ्ठा घर सोडीसन सुरतले गयात. तीन वरीस व्हयनात." तिने पिशवी जवळ घेतली. "आते मी अठे काय करू? परतनी गाडी थांबी ना फाटावर?"

नानांची मान खाली जायला लागली होती. सवय. त्यांनी दोन्ही हातांनी स्वतःची मानगूट पकडली आणि आहे तिथे धरून ठेवली. पंधरा विद्यार्थ्यांना वाटलं, हाही पाठाचाच भाग. त्यांनीही दोन्ही हातांनी आपापल्या माना पकडल्या. सुंदरबाई एकटी शांत बसली होती. तिने नानांच्या चेहऱ्याकडे पाहिलं, मग पहिल्या खुर्चीकडे, आणि वहीतलं एक कोरं पान फाडून त्यांच्यापुढे ठेवलं.

"लिखी टाका, नाना," ती म्हणाली. "ह्या टाइमले कागद करा."

नानांनी एका हाताने मान धरली आणि दुसऱ्या हाताने लिहिलं. त्यांच्या सगळ्या कारकिर्दीत त्यांनी स्वतःच्या अक्षरात लिहिलेला हा एकच अर्ज :

प्रति,
मा. विभाग नियंत्रक यांस,

विषय : बोरदरे फाटा (ता. शिंदखेडा) येथे परतीच्या गाडीस थांबा मिळणेबाबत.

महोदय,

उपरोक्त विषयान्वये विनंती करण्यात येते की, श्रीमती भिकुबाई, रा. बोरदरे, या दि. १८/२/९२ रोजी आपल्या गाडीने धुळे येथे आल्या. (सदर गाडी थांबली नसल्याचे या अर्जदारास मान्य आहे.) ज्या कामासाठी त्या आल्या ते काम आता धुळ्यात राहत नाही. त्यांना घरी परत जावयाचे आहे. त्या हयात नाहीत, तथापि त्यांना बसण्यास जागा लागते व गुडघ्यांमुळे उतरण्यास वेळ लागतो.

सबब, धुळ्याहून दुपारी सुटणारी शिंदखेडा गाडी बोरदरे फाट्यावर एक वेळ, सुमारे दोन मिनिटे, दार उघडून उभी करावी. त्या उतरल्याची खात्री कंडक्टरने करू नये. कोणी दिसणार नाही. दोन मिनिटे झाल्यावर घंटी मारावी.

सदरहू थांबा दि. १२ मे १९८१ रोजी या अर्जदाराने झोपेत मंजूर केला होता. तो जागेपणी मंजूर व्हावा.

तरी या अर्जावर कृपया मान न हलविता लेखी उत्तर देण्यात यावे, ही नम्र विनंती.

आपला विश्वासू,
तोताराम ढाके
माजी उपमंत्री (मत्स्यव्यवसाय)